शेळ्यांनी उकरलेली वाळू

नुआदिबूच्या बंदराकडे खनिज नेणाऱ्या गाडीच्या रुळांलगत, वाळवंटात आमची मोजकीच घरं आणि तंबू आहेत. पाणीही त्याच गाडीनं येतं. मागं मोठं वादळ झालं, रूळ वाळूखाली गेले, गाडी अडकली आणि घराघरांतल्या पिंपांतलं पाणी तळाला गेलं. तेव्हा ठरलं, असेल ते पाणी एकत्र करायचं आणि वाटून प्यायचं.

सालेक म्हणाला, "माझ्याकडे थेंब नाही." त्याची बायको मनीना हिचे दिवस भरत आलेले, म्हणून कुणी जास्त विचारलं नाही. एकटी राहणारी म्हातारी तौतू मात्र आपल्या वाट्याचा वाडगा घेऊन त्याच्याकडे गेली.

"पोरीला पाज. मला म्हातारीला कितीसं लागतं?"

सालेकनं वाडगा घेतला.

दुसऱ्या दिवशी आम्ही रुळांवरची वाळू उपसून परतलो, तर सालेकच्या तंबूमागं शेळ्यांचा घोळका. खुरांनी उकरून ओली वाळू चाटत होत्या. सालेक धावत गेला, पण त्या हलेनात. वाळूतून पिंपाचं निळं झाकण वर आलं होतं. पिंप कुठंतरी पाझरत असावं.

तौतू काठी टेकत आली.

"चला गं, दुसऱ्याच्या दारी काय तोंड घालता," असं म्हणत तिनं शेळ्या हाकून नेल्या. सालेककडे पाहिलंही नाही. त्यानं फेट्याचं टोक डोळ्यांपर्यंत ओढलं.

तंबूतून मनीना म्हणाली, "पाणी होतं? आणि मी त्या म्हातारीच्या तोंडचं प्यायले?"

सालेकनं पिंप वाळूतून उकरून काढलं आणि तौतूच्या दारात नेलं. "आजी, सगळं ठेवून घे."

"वाडगाभर दिलं होतं, तेवढंच घेईन. बाकीचं वाटून ये. तू स्वतः."

"कुठल्या तोंडानं जाऊ?"

"झाकून घे हवं तर. पण जा."

तो घरोघर गेला. प्रत्येकानं भांडं पुढं केलं आणि "अल्ला बरकत देवो" म्हटलं. प्रत्येक दाराशी त्याची मान आणखी खाली गेली.

पुढं गाडी सुरू झाली, मनीनाला मुलगी झाली. नाव ठेवायच्या दिवशी सालेकनं मेंढा कापला, सगळी वस्ती जेवायला आली. तो चहा ओतत होता. गप्पांच्या भरात कुणीतरी प्यायला पाणी मागितलं. सालेकचा हात थबकला आणि सगळ्यांचं बोलणंही थांबलं.

शेवटी मनीनाच उठली आणि तिनं पाणी दिलं.