बानेटच्या आतला नमदा

मले कोणी विचारलं असतं तर मी साफ सांगतलं असतं का गाडीचा आवाज कमी करायची काही गरज नाही, चांगली वाजून राहिली, वाजू द्या. पण विचारते कोण? अन् विचारणार तरी काहून, आवाजाची तक्रार मीच तर केली होती. आपल्याच हातानं पायावर धोंडा पाडून घ्यायचा अन् मग बोंबलत बसायचं, ही माही जुनी खोड आहे.

मी जागेश्वर, मधुकरराव वकिलाचा ड्रायव्हर. जातीचा कोष्टी. बाप घरच्या मागावर लुगडी विणत होता, मी मात्र मिलमध्ये गेलो अन् मागखात्यात बारा वर्षं काढली. तिथं एका छताखाली तीनशे माग एकाच वेळी आदळतात. त्यानं माहे कान खाल्ले. ठार बहिरा नाही मी. इंजन, ढोल, भोंगा, असा जाडा आवाज मले ऐकू येते. माणसाचं बोलणं तेवढं येत नाही, रजईखालून बोलून राहिल्यासारखं वाटते. मागखात्यात त्यानं काही अडत नव्हतं, कारण तिथं चांगल्या कानाच्या माणसालेही ऐकू येत नाही. तिथं सारे ओठावर बोलतात. आवाज काढायचाच नाही, नुसते ओठ हलवायचे, समोरच्यानं ते वाचायचे. माही बायको चंद्रकला त्याच मिलमध्ये सूत गुंडाळाले होती, तिलेही ते येते. लगनानंतर माही माय साऱ्या मोहल्ल्याले सांगत फिरे का हे दोघं भांडतात तरी कवा, घरात आवाजच नाही.

एक्कावन साली मिलमधून आमाले कमी केलं. ईश्वरदास नावाचा माहा दोस्त शहराबाहेर वाडीले ट्रक चालवे, त्यानं मले गाडी शिकवली. चौपन्नपासून मी वकीलसाहेबाकडं लागलो. धरमपेठेत बंगला, अन् जुनी विलायती मोटार, इंजनवरचं लांब बानेट दोन्ही बाजूनं उघडणारं. इंजन वाजे खूप, पण माहं सारं काम त्या वाजण्यावरच चाले. गिअर कवा बदलायचा ते मी आवाजावरून ठरवो. साहेब मागं बसत. दिवसा आरशात त्यायचं तोंड दिसे, मिशी सफाचट, म्हणून ओठ साफ वाचता येत. ऐकू येत नाही हे मी कोणाले कळू दिलं नाही. बहिऱ्या ड्रायव्हरले कोण ठेवते? घरी म्हातारी माय, दोन पोरी, अन् हातमाग तर कवाचाच विकलेला. ही नोकरी गेली तर आमी रस्त्यावर येणार होतो, दुसरं काही नाही.

पहिल्याच दिवशी स्वयंपाकीणबाईनं मले एक गोष्ट सांगून ठेवली होती. साहेबाची एकुलती एक पोरगी, शामला, एकोणीस वर्षांची, दोन वर्षांमागं तापानं गेली. तवापासून त्या घरात कोणी तिचं नाव काढत नाही. साहेबासमोर नाही, बाईसाहेबासमोर नाही. मी कान धरले. मले काय, मी तर तसाही बोलायच्या भानगडीत पडत नव्हतो.

भानगड होती ती संध्याकाळची. कोर्ट झाल्यावर साहेब क्लबात जात अन् अंधार पडला का घरी निघत. आरशात काही दिसत नसे. अन् साहेब बोलत नेमके तवाच. खांद्यावर हात ठेवून इशारा करत का लांबून घे, मी तेलंखेडीच्या तळ्याले वळसा घालो, अन् मागं साहेबाचं चालू. इंजनच्या वर मले एक गुणगुण तेवढी कळे. मले वाटे, वकील माणूस आहे, उद्याची केस घोकून राहिला असंन. मी मधून मधून ‘जी साहेब’ म्हणून टाको. दोन वर्षं असं निभावलं.

मग छप्पन सालच्या माघात एका संध्याकाळी साहेबानं काहीतरी विचारलं. मी म्हटलं, जी साहेब. त्यायनं परत विचारलं, मी परत जी साहेब. तशी त्यायनं खांदा दाबला अन् गाडी दिव्याच्या खांबाखाली उभी कराले लावली. मी मागं वळलो तवा कुठं ओठ दिसले. साहेब विचारून राहिले होते का तुला मुली किती, आणि तू जी साहेब म्हणतोस? घाबरून माह्या तोंडातून निघून गेलं का साहेब, इंजनचा आवाज लय आहे जी, काही ऐकूच येत नाही.

साहेबाचं तोंड एकदम उतरलं. आजचंच ऐकू आलं नाही का नेहमीचंच, असं त्यायनं विचारलं. मी म्हटलं कवा कवा येते, कवा कवा नाही येत. मग त्यायनं हातानंच घरी चल अशी खूण केली. मले कसंतरीच वाटलं, पण खरं सांगतो, सुटलो असंही वाटलं.

सुटतो कायचा! शनिवारी साहेबानं मले आत बोलावलं अन् एक विलायती मासिक उघडून दाखवलं. त्यात उघड्या बानेटचं चित्र होतं. बानेटच्या आतून नमदा, म्हणजे लोकर दाबून केलेलं जाड कापड, बसवला का इंजनचा आवाज अर्ध्यावर येते, असं त्यात लिहिलं होतं म्हणे. नमदा साहेबानं स्वतः गांधीबागेच्या बाजारातून आणला होता. इतका खुश माणूस मी त्या दोन वर्षांत पाह्यला नव्हता. म्हणाले, “उद्या बसव. मग मी काय बोलतो ते तुला नीट ऐकू येईल.”

त्या रात्री माहा डोळ्याले डोळा लागला नाही. आता आवाजाचं निमित्त गेलं. वरून गिअरचा आवाजही जाणार. म्हणजे साहेबाले उत्तरही देता येणार नाही अन् गाडीही धड चालवता येणार नाही. उठो, पाणी पिओ, परत पडो. शेवटी एक युक्ती सुचली. बानेटच्या बाजूले हवेसाठी चिरा असतात. नमदा त्या चिरांवरून सरळ चिकटवून टाकायचा. हवा कोंडली का इंजन तापणार, दोन दिवसांत पाणी उकळणार, अन् साहेब स्वतःच म्हणणार का काढून टाक हे लचांड. मले बरं वाटलं. लबाडी सुचली का माणसाले बरं वाटतेच.

रविवारी सकाळी बानेट काढून बंगल्याच्या मागच्या ओट्यावर उलटं ठेवलं. रॉकेलनं पुसून तेलाचा मळ काढला. शिवायच्या कामाले म्हणून चंद्रकलेले संग नेलं होतं. नमद्यावर तिनं जाडं सुती कापड घेतलं, आधी तुरटीच्या पाण्यात बुडवून वाळवलेलं, म्हणजे इंजनच्या आचेनं पेटायले नको. मग गोधडीसारखे आडवे उभे टाके घातले. मी इकडं चिकटवायले डांबर पातळ केलं अन् नमदा उचलून थेट चिरांवर धरला.

तिनं माहा हात धरला. ओठावरच विचारलं का हवा कुठून जाईन? मग मले सारं सांगावं लागलं. दिव्याच्या खांबाखाली मी काय बोललो ते, अन् आता काय होणार ते. ती ऐकत, म्हणजे पाहत राहिली. मग इतकंच म्हणाली, “खोटं तू बोलला, कापडानं काय केलं? माह्या हातचं काम मी खराब नाही होऊ देणार.”

मले राग आला. वाटलं सांगावं, पोरी उपाशी मेल्या का मग तुही गोधडी पांघरू. पण खरी गोष्ट अशी का माहाही हात वळत नव्हता. बापानं लहानपणी एक धागा सुटला तर सारा पट्टा उसवाले लावला होता, ती सवय हाडात बसते. मग चिरा मोकळ्या सोडून नमदा कातरला, कडांले पत्र्याच्या पट्ट्या मारल्या, कुठं सुरकुती राहू दिली नाही. असं सुरेख काम झालं का मलेच बानेट लावताना रडू येऊन राहिलं होतं.

चार वाजता साहेब म्हणाले, चला, सगळेच जाऊ. बाईसाहेब, म्हणजे शोभाताई, पोरगी गेल्यापासून चार वर्षांत फिराले म्हणून कुठं गेल्या नव्हत्या, पण शिवणकाम पाहून त्याही निघाल्या, अन् चंद्रकलेले आपल्याजवळ मागं बसवून घेतलं. साहेब मात्र इंजनचा आवाज ऐकायचा म्हणून पुढं माह्या बाजूले येऊन बसले. मी मनात म्हटलं, मेलो. मागं बसले असते तर आरसा तरी होता.

बटन दाबलं. काही वाजलं नाही असं वाटून मी परत दाबलं, तर खालून करकर असा धक्का हाताले लागला. इंजन कवाचंच चालू होतं. मले दबका दबका थरकाप तेवढा पायाले कळून राहिला होता. अमरावती रोडले लागलो. दुसरा गिअर टाकला तो उशिरा पडला, तिसरा लवकर पडला, गाडीनं गचका खाल्ला. वाडीकडं जाणारे ट्रक मागून येऊन एकदम खिडकीजवळ उगवत, अन् मी दचकून गाडी बाजूले घेओ. त्यायचा हॉर्न वाजला का नाही, देव जाणे. साहेब समोर नाही, माह्याकडं पाहून राहिले होते. ते मले न वळताही कळे.

त्यायचा गाल हलल्यासारखा वाटला. काहीतरी विचारलं होतं. मी रस्त्यावरची नजर न काढता म्हटलं, “जी साहेब.”

आरशात चंद्रकलेचं तोंड दिसलं. पांढरी पडली होती. तिनं आवाज न काढता एकेक शब्द मले ओठावर सांगतला. साहेबानं विचारलं होतं, “जागेश्वर, तुला ऐकू येत नाही, हो ना?”

मी गाडी रस्त्याच्या कडेले एका कडुनिंबाखाली घेतली अन् इंजन बंद केलं. आता लपवाले काय उरलं होतं? साहेबाकडं वळून मी सारं सांगून टाकलं. मिल, कान, आरसा, अंधार. जन्मात पहिल्यांदा मी तोंडानं म्हटलं का मी बहिरा आहे. म्हटल्यावर छाती हलकी झाली, ही लाज वाटायची गोष्ट आहे, पण झाली.

साहेबानं ऐकून घेतलं. मग मुद्दाम तोंड पुरतं माह्याकडं करून, शब्द सुटे सुटे करून म्हणाले, “उद्यापासून तू गाडी चालवायची नाहीस.”

“जी साहेब,” मी म्हटलं. ज्याची बायको बहिऱ्याच्या गाडीत बसते, त्यानं दुसरं काय म्हणावं? मले वाटलं, झालं, संपलं. पण साहेबानं तोंड फिरवलं नाही. ते माह्याकडं पाहतच राहिले, अन् मग त्यायनं विचारलं,

“मग दोन वर्षं मी कोणाशी बोलत होतो?”

मी म्हटलं का मले वाटे तुमी उद्याची केस घोकून राहिले. साहेबानं नुसती मान हलवली. म्हणाले, “शामलाचं सांगत होतो तुला. डॉक्टरला एक दिवस उशिरा बोलावलं मी. ते सांगत होतो.”

यासाठी मी तयार नव्हतो. शिव्या खायची तयारी होती, नोकरी जायची होती. हे कुठं मनात होतं! इतका मोठा माणूस रोज अंधारात आपलं काळीज उघडं करत होता, अन् मी ‘जी साहेब’ म्हणत तळ्याले वळसा घालत होतो.

शोभाताई मागच्या सीटवरून पुढं वाकल्या. आरशात त्यायचं तोंड दिसत होतं. त्या रडत नव्हत्या. म्हणाल्या, “माझ्यापुढं चार वर्षांत तिचं नाव नाही काढलंत. आणि याला सांगत होतात?”

साहेब मागं वळले. आता मले त्यायची पाठ तेवढी दिसे. मी दार उघडून उतरलो, चंद्रकलेलेही खूण करून उतरवलं, अन् आमी गाडीच्या पुढं पंधरा-वीस पावलं चालून थांबलो. रस्त्यावरून ट्रक जाऊन राहिले होते. मी एकदा वळून पाह्यलं तवा साहेब मागच्या सीटवर बाईसाहेबाजवळ जाऊन बसले होते. ऊन समोरून पडलं होतं, काच स्वच्छ होती, ती सकाळी मीच पुसली होती. दोघायची तोंडं लख्ख दिसत होती. मागखात्यात मी याच्या दुप्पट लांबून ओठ वाचत होतो.

चंद्रकलेनं ओठावर विचारलं, काय बोलून राहिले गा?

मी तिच्या खांद्याले धरून तिचं तोंड वाडीकडं फिरवलं अन् मीही गाडीकडं पाठ केली. “मले माहीत नाही,” मी मोठ्यानं म्हटलं. “तूही नको पाहू.”