फौजदाराचा कोरा चेहरा

रेइनो हाउकालाचा चेहरा जूनमध्ये संपला. फिनलंडच्या पडद्यावर तो इतकी वर्षं नायक होता, कॅमेरा त्याच्या इतक्या जवळ आला आणि इतक्या बायकांनी त्याच्याकडे बघून डोळे पुसले, की आधी नाक झिजलं, मग ओठ. उन्हाळी नाटकाच्या तालमी लागल्या तेव्हा कपाळाखाली वापरलेल्या साबणाच्या वडीसारखं काहीतरी उरलं होतं. आवाज मात्र खणखणीत होता.

मग सगळ्यांना आल्वार सिर्पानेन आठवला. एरवी तो कोणाला आठवत नसे. आल्वारने सिनेमात नदीतून ओंडके नेणारे मजूर केले, पाद्री केले, नायिकेचे अबोल काका केले. नेहमी कडेला आणि नेहमी टोपीखाली. दर उन्हाळ्याच्या या नाटकातही तो फौजदार असे.

नाटक मंडळीच्या चालक हेल्वीबाई त्याला म्हणाल्या, "तुझा चेहरा कोरा करकरीत आहे रे. कोणी पाहिलेलाच नाही. रेइनोला देऊन टाक."

"मग मी काय लावू?"

"तुला कशाला लागतो? फौजदाराला टोपी आहे."

आल्वारला राग आला. असे राग त्याने जन्मभर गिळले होते, हा मात्र घशाखाली उतरेना. "नाही देत," तो म्हणाला. "कोणी बघो न बघो, माझा आहे."

हेल्वीबाई भांडल्या नाहीत. भांडायची गरजच नव्हती, कारण तळ्याकाठच्या त्या उघड्या नाट्यगृहात रंगमंच फिरत नाही, प्रेक्षक फिरतात. मधोमध खुर्च्यांचं मोठं गोल ताट आणि भोवती झाडांत मांडलेली घरं, गोठा, चर्च. प्रवेश संपला की यंत्र घरघरतं आणि माणसं बसल्या जागी पुढच्या घरासमोर जातात. आल्वारचा प्रवेश एकच. गावचा फौजदार येतो, फरारी नायक लपलेल्या घराचं दार ठोठावतो, "घरात कोणी आहे का?" असं विचारतो, आतून उत्तर येत नाही, फौजदार जातो.

"आल्वारचा प्रवेश आला की ताट जरा पलीकडे ने," हेल्वीबाईंनी यंत्रवाल्याला सांगितलं.

पहिल्या दिवशी लोकांना अर्धा आल्वार दिसला, मग नुसतं कोपर, मग तेही नाही. जे कोणी बघत नाही ते आकसतं, त्याला इलाज नसतो. दार कपाटाच्या दाराएवढं झालं. वर्दीच्या बाह्या मनगटावरून वर सरकल्या. दोन्हीकडची बर्चची झाडं इतकी जवळ आली की आल्वारला अंग तिरकं करून ठोठावावं लागे.

दारामागून रेइनो कुजबुजला, "दे ना रे. मला भूक लागते, पण घास कुठे घालायचा ते कळत नाही."

"इतके उन्हाळे मी विचारतोय, घरात कोणी आहे का. तू एकदा तरी ओ दिलीस?"

"नाटकात तसंच आहे."

"मग राहा तसाच!"

शहाण्या माणसाने पडतं घेतलं असतं. आल्वारने घरी जाऊन तुळतुळीत दाढी केली आणि दुसऱ्या दिवशी तो पुन्हा त्याच फटीत येऊन उभा राहिला.

"आणखी पलीकडे," हेल्वीबाई रोज म्हणत. यंत्रवाला रोज आणखी पलीकडे नेई. अती तिथे माती म्हणतात ते उगीच नाही. ताट गोल आहे, हे कोणाच्या ध्यानातच आलं नाही.

एका संध्याकाळी सूर्याचा मावळायचा विचार दिसत नव्हता. प्रेक्षक घरावरून गेले, गोठ्यावरून, चर्चवरून, तळ्यावरून गेले आणि दुसऱ्या अंगाने येऊन थेट आल्वारपुढे ठेपले. बर्चना मुकाट्याने बाजूला व्हावं लागलं.

"टोपी खाली ओढ!" हेल्वीबाई झुडपातून ओरडल्या.

आल्वारने टोपी काढली. दाराकडे पाठ केली आणि प्रेक्षकांना विचारलं, "घरात कोणी आहे का?"

मग पहिल्या रांगेत घोंगडी पांघरून बसलेली एक म्हातारी उठली. "आहोत," ती म्हणाली. "आत या."

यंत्र थांबेना. ताट पुढे सरकू लागलं तसा आल्वारही त्याच्याबरोबर चालू लागला, मान वर करून. रांगांमागून रांगा त्याच्याकडे बघत होत्या. तळ्याशी पोचेपर्यंत नाकाचा शेंडा गुळगुळीत झाल्याचं त्याला जाणवलं.

त्याने टोपी पाण्यात भिरकावून दिली.