बोटाएवढी बाटली

“मामा, ही बाटली आधी पोचवा. बाकीचं सगळं राहू दे,” असं म्हणून तरुण डॉक्टरीणबाई पलीकडच्या खाटेकडे धावल्या. तिथे एका म्हाताऱ्याचा श्वास अडकला होता.

मामांनी बाटली उजेडात धरून पाहिली. बोटाएवढी बाटली, आत तांदूळ धुतलेल्या पाण्यासारखं गढूळ पाणी. समोरच्या खाटेवरच्या मुलीच्या पाठीतून ते नुकतंच काढलं होतं. मुलगी असेल दहा-अकरा वर्षांची. अंग तापाने फणफणलेलं, मान ताठ, डोळे उघडे पण ओळख कुणाचीच नाही. मामांनी आपल्या पेटीचं झाकण उघडलं, बर्फात बोटाने भोक केलं, बाटली त्यात नीट रोवली आणि झाकण दाबून ते निघाले. ते धावले मात्र नाहीत. धावणाऱ्याच्या हातून सांडतं, असं त्यांचं जुनं मत होतं.

सगळं रुग्णालय त्यांना पेटीमामा म्हणायचं. रक्त, लघवी, थुंकी, जे काही तपासायचं असेल ते वॉर्डातून अंगणापलीकडच्या लॅबमध्ये न्यायचं, एवढंच त्यांचं काम. नोकरीच्या पहिल्या उन्हाळ्यात ते रक्ताच्या बाटल्या खिशात घेऊन चहाला थांबले होते. गप्पा रंगल्या, रक्त नासलं आणि एका म्हातारीला पुन्हा सुई टोचावी लागली. म्हातारीने नुसता दुसरा हात पुढे केला. तिने चार शिव्या दिल्या असत्या तर मामा ते विसरलेही असते. त्या आठवड्यातच त्यांनी एका मासेवाल्याकडून जुनी पेटी आणली, तिचा वास जाईपर्यंत घासली आणि तेव्हापासून पेटीशिवाय मामांना कुणी पाहिलं नाही. मामांना ताप आला तर तेही पेटीत जाऊन बसतील, अशी नर्सबाई थट्टा करायच्या. मामाही हसायचे. आपल्या हातून पुन्हा एक थेंब नासला नाही, याचा त्यांना फार अभिमान होता.

पाठीतलं पाणी मात्र त्यांच्या वाट्याला क्वचितच यायचं. ते डॉक्टर लोक स्वतःच मुठीत धरून लॅबकडे पळायचे. का, ते मामांनी कधी विचारलं नव्हतं. मोठ्या लोकांना सगळ्याचीच घाई, असं त्यांना वाटायचं.

लॅबमधल्या ताई चष्मा कपाळावर सरकवून बसल्या होत्या. त्यांनी बाटली हातात घेतली, क्षणभर तिच्याकडे पाहिलं आणि मग कामाला लागल्या. संध्याकाळपर्यंत निरोप वॉर्डात पोचला: पाण्यात पांढऱ्या पेशी भरपूर आहेत, जंतू मात्र दिसत नाहीत. नेहमीच्या मेंदूज्वरावरची औषधं सुरू झाली. मामा पेटी उलटी करून, पुसून घरी गेले आणि पोटभर जेवले.

दुसऱ्या दिवशी मुलगी आणखी बिघडली. तिला झटके येऊ लागले. आत एकालाच बसू देत होते, म्हणून आई आत आणि बाप बाहेरच्या बाकावर. बाप घरं रंगवायचं काम करायचा. त्याच्या नखांत पिवळा रंग बसलेला होता आणि तो एक नख दुसऱ्या नखाने उकरत होता. मामांनी जाता जाता त्याच्या हातात चहाचा कप दिला.

“सुरुवात कशी झाली हो?” मामांनी विचारलं.

“डोकं दुखतं म्हणाली. मग म्हणाली, बाबा, कशाचाच वास येत नाही. मला वाटलं, सर्दी झाली असेल. सूर मारताना नाकात पाणी गेलं होतं ना तिच्या.”

“विहिरीत?”

“नाही हो. वीजघरामागचं तळं आहे ना, तिथं. वीजघराचं गरम पाणी सोडतात त्यात, त्यामुळं बारा महिने कोमट. पोरगी थंड पाण्याला घाबरायची, म्हणून मीच शोधून काढलं. बदक म्हणतो मी तिला.”

डॉक्टरीणबाई फाइल घेऊन बाजूने चालल्या होत्या. त्या थांबल्या. “कोमट पाणी? आणि नाकात गेलं होतं?” त्यांनी बापाला पुन्हा पुन्हा विचारलं. मग फाइल मामांच्याच हातात कोंबून त्या अंगण ओलांडून लॅबकडे पळत सुटल्या. फाइल घेऊन मामाही मागोमाग गेले. ते दारात पोचले तेव्हा आत बोलणं सुरू झालं होतं.

“कालची बाटली कशी आली होती तुमच्याकडे?” डॉक्टरीणबाई विचारत होत्या.

ताईंनी दारातल्या मामांकडे पाहिलं आणि नजर खाली वळवली. “बर्फातून,” त्या म्हणाल्या.

डॉक्टरीणबाई स्टुलावर बसल्या. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. मग ताईंनीच मामांना हळू आवाजात समजावलं. कोमट पाण्यात एक जीव राहतो, अमिबा, शाळेच्या पुस्तकात चित्र असतं तोच म्हणा, पण ही त्याची वाईट जात. तो नाकातून शिरतो आणि थेट मेंदू गाठतो. पाठीतल्या पाण्यात तो हलताना दिसला तरच ओळखू येतो. गारठला की अंग चोरून गोल होतो, आणि मग हुबेहूब पांढऱ्या पेशीसारखा दिसतो.

“म्हणजे काल तो तिथं होता?” मामांनी विचारलं.

“असणार. मी पाहिलाही असणार. बाटली हाताला गार लागली तेव्हाच मी बोलायला हवं होतं, मामा. वाटलं, तुम्ही एवढे नेमाने आणता, आता कुठं टोकायचं.”

ज्या पेटीने आजवर लाज राखली तिनेच केसाने गळा कापला होता.

मुलीच्या पाठीतलं पाणी पुन्हा काढायचं ठरलं. डॉक्टरीणबाईंना तिच्याजवळून हलता येणार नव्हतं. त्यांनी बाटली पुढे केली तेव्हा मामांचा हात मागे गेला.

“दुसऱ्या कुणाला द्या मॅडम.”

“तुम्हीच न्या. तुमच्याएवढं जपून कोण नेणार?”

त्या टोमणा मारत नव्हत्या, आणि तेच मामांना सोसेना. त्यांनी बाटली मुठीत घेतली. मुलीच्या अंगात एवढा ताप होता की काच गरम लागत होती. त्यांनी मूठ काखेत धरली, वरून दुसरा हात दाबला आणि जिना उतरले. अंगणात आल्यावर ते धावले. एवढ्या वर्षांत पेटीमामांना कुणी धावताना पाहिलं नव्हतं. फाटकावरचा पहारेकरी उठून उभा राहिला, त्याला वाटलं, कुठे आग लागली.

ताईंनी थेंब काचेवर घेतला, सूक्ष्मदर्शकाला डोळा लावला आणि बराच वेळ हलल्या नाहीत. मग त्या बाजूला झाल्या. “बघा,” म्हणाल्या.

मामांनी पाहिलं. गोल गोल पेशी निवांत पडल्या होत्या. त्यांच्यामधून एक जीव मात्र थेंबासारखा चालला होता. तो पुढे एक बोट काढायचा आणि मग सगळं अंग त्या बोटात ओतायचा. त्याला कसलीच घाई नव्हती.

त्यानंतर वॉर्डात धावपळ उडाली. शिरेतून औषध, पाठीतून औषध. आणखी एक औषध होतं, मुळात दुसऱ्याच आजारावरचं, पण या अमिबावरही चालतं म्हणे. ते इथे कुठेच नव्हतं. डॉक्टरीणबाईंनी फोनवर फोन करून दुसऱ्या शहरातून मागवलं. आणि मग त्या मामांकडे वळल्या.

“मामा, बर्फ लागेल. भरपूर. मेंदूची सूज उतरावी म्हणून तिचं अंग गार ठेवायचंय.”

पेटी कोपऱ्यात होती. मामांचा पाय उचलेना. पण मुलीसाठी ते उठले आणि मग थांबले नाहीत. पुढचे दिवस तेच बर्फ आणत, फोडत, पिशव्यांत भरून नर्सच्या हातात देत. मुलीच्या काखेत, मानेजवळ, मांड्यांशी पिशव्या लावलेल्या असायच्या. जिच्या पाण्याला बर्फ लावून घोळ झाला तिलाच आता बर्फ हवा होता. या उलट्या न्यायाचं काय करायचं ते मामांना कळत नव्हतं.

एकदा त्यांनी डॉक्टरीणबाईंना गाठलं. “मॅडम, त्या दिवशीच दिसलं असतं तर?”

त्यांनी टाळलं नाही. “तर औषध एक दिवस आधी सुरू झालं असतं. एवढंच मला माहीत आहे. या आजारात वेळेत कळूनही बहुतेक जण जातात, मामा.”

“तिच्या वडलांना सांगायला हवं.”

“हवं. मी सांगणार आहे, बाटली मीच तुमच्या हाती दिली होती. पण आत्ता त्यांना या औषधावर विश्वास ठेवू दे.”

घरी मामांचं जेवणात लक्ष नव्हतं. बायकोने विचारलं तेव्हा त्यांनी सगळं सांगून टाकलं. ती भांडी आवरता आवरता थांबली.

“तुम्ही काही बोलू नका,” ती म्हणाली. “आग लागलेल्या घरात आपण होऊन कशाला शिरायचं? उद्या तो माणूस गळा धरेल तुमचा. नोकरी जाईल ते वेगळंच.”

“धरू दे.”

“आणि सांगून पोरगी बरी होणार आहे का?”

बायको चुकीचं बोलत नव्हती.

एका सकाळी मुलीने आईचं बोट दाबलं. निदान आई तसं म्हणाली. वॉर्डभर बातमी पसरली, नर्सबाईंनी बापाला दारातून आत डोकावू दिलं आणि मामांनी त्या बाटलीनंतर पहिल्यांदा पेटी पुसून ठेवली. दुसऱ्या दिवशी दुपारी मुलगी गेली.

बापाला मग आत जाऊ दिलं, आता नियम उरला नव्हता. तो थोड्या वेळाने बाहेर आला आणि आपल्या नेहमीच्या बाकावर बसला. आईजवळ तिची बहीण होती. कागदांसाठी थांबायचं होतं. मामा पेटी घेऊन समोरून चालले होते.

“मीच घालवली तिला,” बाप म्हणाला. तो मामांशी बोलत नव्हता, कुणाशीच बोलत नव्हता. “नको म्हणत होती सूर मारायला. मी म्हटलं, घाबरट आहेस. मीच.”

मामांनी पेटी खाली ठेवली आणि ते त्याच्या शेजारी बसले. डॉक्टरीणबाई सांगणार होत्या, बायकोने बजावलं होतं, सगळं खरं. पण हा माणूस एवढं ओझं एकटाच उचलून घरी निघाला होता, आणि त्यातलं थोडं मामांचं होतं.

“पहिली बाटली मी नेली होती,” ते म्हणाले. “पाठीतलं पाणी. ते बर्फात न्यायचं नसतं. मी नेलं. मला ठाऊक नव्हतं, पण मी विचारलंही नाही कधी. त्यामुळे तो किडा त्या दिवशी दिसला नाही, दुसऱ्या दिवशी दिसला.”

बापाने मान वळवली. त्याच्या मुठी आवळल्या होत्या. मामा बसून राहिले. मारलं तर मारू दे, असं त्यांनी मनाशी ठरवलं होतं.

“दिसला असता तर वाचली असती?”

“माहीत नाही. डॉक्टरांनाही माहीत नाही. पण तुमच्या एकट्याचं नाही हे. एवढंच सांगायचं होतं.”

पेटीच्या फटीतून पाणी झिरपून फरशीवर आलं होतं आणि बापाच्या चपलेपर्यंत पोचलं होतं. त्याने पाय बाजूला घेतला नाही.

“आत्ता हात धरला तिचा,” तो म्हणाला. “एवढी गार. थंड पाण्याला किती घाबरायची.” मग थांबून त्याने विचारलं, “दुसरी बाटली कशात नेलीत?”

“मुठीत. मूठ काखेत धरून.”

“गरम होती?”

“होती,” ते म्हणाले. “शेवटपर्यंत.”

बापाने त्यांचा उजवा हात ओढून घेतला, बोटं उघडली आणि आपला रंगाऱ्याचा तळवा त्या तळव्यावर ठेवला. वॉर्डाच्या दारातून नर्सबाईंची हाक आली, “मामा, रक्त न्यायचंय.”

“आलो,” मामा म्हणाले आणि बसून राहिले.