तांदळातलं नाव

आपल्याकडे लग्न जमवताना पाहुणे काय काय विचारतील याचा नेम नाही. रहिमतपूरच्या निकमांकडे शिवतेजचं लग्न ठरत आलं होतं आणि फलटणच्या पाहुण्यांनी वंशावळ मागितली होती. शिवतेजचे आजोबा लालासाहेब फौजेतून सुभेदार होऊन आलेले, असल्या कामाला नेहमी पुढे. आठ पिढ्यांचा तक्ता त्यांनी स्वतःच्या हातानं मोठ्या कागदावर उतरवला. पणजोबा, त्यांचे भाऊ, भावांचे मुलगे अशी साठ-सत्तर नावं होती आणि त्यात बाई एकही नव्हती. जणू निकमांची पोरं उसासारखी कांडी पुरून उगवलेली! पण कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही. तुमच्याआमच्या घरातले तक्तेही असेच असतात.

त्याच आठवड्यात त्यांची सून, शिवतेजची आई राजेश्वरी, हिच्या मोबाईलवर एक पत्र आलं. जुनी कागदपत्रं शोधणाऱ्या हौशी लोकांचा साताऱ्यात एक गट होता, ती त्यात होती. पत्र पोलंडमधल्या एका मुलीचं, गटातल्या कुणीतरी मराठीत केलेलं. दुसऱ्या महायुद्धात घरदार गमावलेली हजारो पोलिश माणसं आपल्याकडे आसऱ्याला आली होती. कोल्हापूरजवळ वळिवड्याला त्यांची छावणी होती, आजाऱ्यांना हवापालटासाठी पाचगणीला ठेवत. या मुलीची आजी हेलेना तिथंच वाढली आणि आठ वर्षांची असताना आईबरोबर परत गेली. थोरली बहीण यानिना मागं राहिली, कारण पाचगणीला भाजीचा ट्रक आणणाऱ्या धनाजी नावाच्या तरुणाशी तिनं लग्न केलं होतं.

यानिनाची दोन पत्रं पोलंडला पोचली. हेलेनाच्या आईनं पाठवलेली तीन उत्तरं मात्र न फोडता परत आली. पाकिटांवर पत्ता होता, यानिना, रहिमतपूर, जिल्हा सातारा. हेलेना आता पंच्याऐंशीची, अंथरुणाला खिळलेली. नातीनं जहाजांच्या याद्या पाहिल्या, छावणीची दप्तरं चाळली. माग रहिमतपूरपर्यंत यायचा आणि तुटायचा. डोळे मिटायच्या आत मला बहिणीचं काय झालं ते सांगा, एवढंच म्हातारीचं मागणं होतं.

पत्राखाली दोघी बहिणींचा फोटो होता. थोरलीच्या डाव्या भुवईला मधोमध छेदणारा व्रण होता. राजेश्वरीनं भिंतीकडे पाहिलं. सासऱ्यांची आई जानकीबाई, धनाजी निकमांची बायको, हार घातलेल्या फोटोतून बघत होती. भुवई तीच, व्रणही तोच.

लालासाहेबांनी पत्र वाचून चष्मा काढला. "आपल्या वंशावळीत असलं नाव न्हाई," ते म्हणाले. आई कोकणातली, तिचं माहेर पटकीत गेलं, असं त्यांनी जन्मभर सांगितलं होतं. आता फलटणकरांना कळलं तर कुळात खोट काढतील, सोयरीक मोडेल, नातवाला काय तोंड दाखवायचं? लग्न होईपर्यंत पत्राला उत्तर द्यायचं नाही, असा त्यांनी हुकूमच सोडला.

राजेश्वरीला तो हुकूम गिळवेना. माहेरी ती पूजा होती. राजेश्वरी हे नाव याच घरानं तांदळाच्या ताटात काढून तिला दिलेलं. पदवी एका नावावर, आधारकार्ड दुसऱ्या नावावर. दर कचेरीत प्रतिज्ञापत्रं देऊन ती थकली होती. तिनं आष्ट्याला फोन लावला. तिथं लालासाहेबांची आत्या होती, धनाजींची धाकटी बहीण बनुबाई, वय अठ्ठ्याऐंशी. त्या पिढीतलं तेवढं एकच माणूस उरलं होतं.

दुसऱ्या दिवशी आत्या आली. भाच्याचं सगळं ऐकून घेतलं आणि शांतपणे बोलायला लागली.

"मी दहा वर्साची व्हते, लाला. तांदळाचं ताट मीच धरलं व्हतं. दादानं अंगठीनं जानकी लिवलं. वैनीनं खाली बोटानं आपलं नाव काढलं, तिच्या अक्षरात. माज्या आईनं हात फिरवून तांदूळ सारकं केलं. तिनं परत काढलं, आईनं परत पुसलं. तिसऱ्या बारीला तिनं न्हाई काढलं."

लालासाहेब भिंतीवरच्या आईच्या फोटोकडे बघायला लागले.

"मग पत्रं आली, तू तवा जल्मला न्हवतास. पोष्टमन दारात. आईनं सांगितलं, ह्या नावाचं हितं कुनी न्हाई. तीनदा. वैनी तवा रानात असायची, तिला कवा कळलंच न्हाई. आज तू तेच म्हनतूयास. तुजी आई मेली, पर तिला माघारी धाडायचं काय थांबलं न्हाई बग."

लालासाहेबांना आठवलं, पोस्टमनच्या वेळेला आई रोज उंबऱ्यात उभी असायची. फौजेत असताना त्यांना वाटायचं, ती माझ्या पत्राची वाट बघते. पण ती तर ते फौजेत जायच्या कितीतरी आधीपासून, ते शाळेत जात होते तेव्हापासून, तशीच उभी राहत होती! तो फौजी म्हातारा सुनेसमोर लहान पोरासारखा रडला.

त्यांनी त्याच दिवशी पोलंडला उत्तर लिहवून घेतलं. दुसऱ्या दिवशी स्वतः फलटणला जाऊन सगळं सांगितलं. मुलीचे वडील जयराज यांनी ते ऐकून चहा मागवला. मग म्हणाले, "खरं सांगू? माझ्या आजीचं माहेर कुठलं, मलाबी म्हाईत न्हाई." सोयरीक मोडली नाही. लग्नात शिवतेजनं ताटात 'सृष्टी' लिहिलं, म्हणजे नवरीचंच नाव, आणि तांदूळ कुणी सारखे केले नाहीत.

लालासाहेबांनी तक्ता नव्यानं लिहायला घेतला, प्रत्येक पुरुषाशेजारी त्याची आई. निम्म्याहून जास्त जागा कोऱ्या राहिल्या. सांगणारं कुणी उरलंच नव्हतं.

पुढच्याच महिन्यात पोस्टमन एक जाड पाकीट घेऊन आला. आत तीच तीन पत्रं होती, हेलेनानं सत्याहत्तर वर्षं जपलेली. पाकिटावरचं नाव वाचून पोस्टमन अडखळला. "यानिना निकम. ह्या नावाचं हितं कुणी हाय का?"

लालासाहेब उंबऱ्यात आले. "हाय की. माझी आई," ते म्हणाले आणि सही करून पाकीट घेतलं.

वाचकहो, कूळ बापाच्या नावानं चालतं असं आपण म्हणतो, पण ते आईच्या पोटातून येतं. आज जेवायला बसाल तेव्हा आपल्या पणजीचं माहेरचं नाव विचारून बघा. सांगणारं माणूस घरात आहे तोवरच ते मिळेल.