विहिरीतली हाक

नाबोर विहिरीत पडला तेव्हा बायकोच्या, एदुविहेसच्या, तोंडून माहेरच्या देवीचं नाव निघालं, आणि तिथेच सगळा घोळ झाला. तिनं सोडलेल्या दोरानं नाबोर वाचला, मुरगळलेल्या पायावर निभावलं. पण तो यंदा सान ओनोफ्रे गावच्या ख्रिस्ताचा मानकरी, आणि त्याला वाचवलं कुणी? तर डोंगरापलीकडच्या पालोमासच्या मेरीमातेनं! दोन्ही गावांचं पूर्वापार विळ्याभोपळ्याचं सख्य.

“इतकी वर्षं आमच्यात नांदली, आणि हाक तिकडची!” शेजारणी टोमणे मारू लागल्या. नाबोरनं तर अबोलाच धरला. तिनं भाजलेली मक्याची टॉर्टिया खायचा, पण भिंतीकडे तोंड करून.

वाचवलंस तर पत्र्यावर हा प्रसंग रंगवून घेईन, पायी येऊन तुझ्या भिंतीवर लावीन, असं एदुविहेस देवीला बोलून बसली होती. ते फेडल्याशिवाय तिला घास गोड लागेना. ती रंगाऱ्याकडे, एलेनोकाकांकडे गेली. नाबोरही लंगडत मागोमाग आला आणि उंबऱ्यावर पाठ करून बसला.

“वर ढगात आपलाच ख्रिस्त काढतो की,” काका म्हणाले. “कोण विचारायला येतंय?”

“मला ठाऊक आहे ना, काका! हाक जिला मारली तिलाच काढायचं. देवळात खोटं टांगू होय?”

काकांनी मान हलवली. “खरंय बाई. मग नाबोर, विहिरीतून तूही कुणाला तरी हाक मारली असशील. त्यालाही काढायला हवं.”

एदुविहेसला हायसं वाटलं. ख्रिस्त म्हणा हो, एकदा ख्रिस्त म्हणा, म्हणजे गावाचं तोंड बंद!

नाबोर टोपीची कड चुरगाळत राहिला.

“अरे बोल की, मानकरी ना तू?”

“हिला,” तो पुटपुटला. “हिलाच हाक मारली. दुसरं कुणी सुचलंच नाही.”

काका हसता हसता खोकू लागले. एदुविहेसनं अंगावरच्या शालीत तोंड खुपसलं आणि मनसोक्त रडून घेतलं. माते, किती गं दिलंस मला!

“मग हिला बसवू का ढगात?” काकांनी विचारलं.

“नको, विहिरीच्या काठावरच असू दे,” नाबोर म्हणाला. “पण मोठी काढा.”

पायी निघाले त्या सकाळी पत्रा नाबोरच्याच काखेत होता. वेशीपाशी टोमणे मारणाऱ्यांतल्या दोघी मेणबत्त्या घेऊन उभ्या. “आमचाही तिकडचा एक नवस फेडायचा राहिलाय,” असं म्हणून त्या मुकाट्यानं मागे चालू लागल्या.

पालोमासच्या भिंतीवर पत्रा लागला. ढगात इवलीशी देवी, खाली दोर धरलेली ही एवढी थोरली एदुविहेस.

“अगंबाई, मी देवीपेक्षा मोठी झाले!” ती ओशाळली.

“चालायचंच,” नाबोर म्हणाला. “माहेरची आहे ती, रागावणार थोडीच.”