राखून ठेवलेलं पुस्तक

उम्म फिरास पहिलं पुस्तक परत करायला आली, तेव्हा ते तिनं इस्त्रीच्या रुमालात गुंडाळून आणलं होतं आणि सोबत खजूर भरलेल्या बिस्किटांचा डबा होता. दुसऱ्याची वस्तू रिकाम्या हातानं कशी परत करायची, असं तिचं म्हणणं. मी डबा ठेवून घेतला आणि ग्रंथालयाचे नियम तिला पुन्हा सावकाश समजावून सांगितले. पुस्तक दोन आठवड्यांसाठी मिळतं. वाचून झालं नसेल तर मुदत दोनदा वाढवून घेता येते, पण मधे दुसऱ्या कुणी ते आपल्यासाठी राखून ठेवायला सांगितलं असेल तर नाही. मुदत उलटली की रोजचा थोडा थोडा दंड चढतो, आणि तो भरेपर्यंत दुसरं पुस्तक मिळत नाही.

तिनं सगळं कान देऊन ऐकलं. "म्हणजे यायचं ते मुदतीच्या आत. आणि दुसरी कुणी वाट बघत असेल तर गुपचूप देऊन टाकायचं."

"एवढंच," मी म्हणाले.

आमच्या कॉलेजात बालवाडी शिक्षिकेची पदविका घेणाऱ्या मुलींमध्ये उम्म फिरास सगळ्यांत मोठी. तिचं खरं नाव नजमिया; फिरासची आई म्हणून सगळे उम्म फिरास म्हणायचे. सगळा संसार कुवेतमध्ये झाला. नवरा गेला, मुलगा फिरास जर्मनीत स्थिरावला, तेव्हा ती इथं जॉर्डनमध्ये, आमच्या सल्त गावी परत आली आणि घरात बसून भिंतींशी बोलण्यापेक्षा बरं म्हणून तिनं नाव घातलं. वाचनाचा वेग फार कमी. एका ओळीवर बोट ठेवून ती ओठांतल्या ओठांत वाचायची. पण एकही तास चुकवायची नाही.

तिची धाकटी बहीण इंतिसार समोरच्याच टेकडीवर राहते. दोघींच्या गच्च्या एकमेकींना दिसतात. एकीनं कपडे वाळत घातले तर दुसरीला रंग सांगता येतील, एवढंच अंतर. पण दोघी बोलत नव्हत्या. आई आजारी होती तेव्हा इंतिसारनं कुवेतला खरं काही कळवलं नव्हतं. आईनंच शपथ घातली होती म्हणे, तिला तिथं घाबरवू नकोस म्हणून. नजमिया पोचली तेव्हा दफन होऊन गेलं होतं. सांत्वनाला आलेल्या बायकांनी घर भरलेलं, आणि त्या सगळ्यांच्या देखत ती बहिणीला म्हणाली, "तू माझी आई चोरलीस." त्यानंतर शब्द नाही की सलाम नाही. गावात हे सगळ्यांना माहीत होतं, मलाही होतं.

इंतिसारची मुलगी लुजैन त्याच वर्षी त्याच वर्गात आली. मावशी पहिल्या बाकावर, भाची शेवटच्या. लुजैन लहान असताना उन्हाळ्याच्या सुट्टीत मावशीच्या कुशीत झोपायची, असं नंतर कळलं. आता समोरासमोर आली की मान वळवायची.

लहान मुलांच्या वाढीवरचं एक जाडजूड पुस्तक परीक्षेला लागतं. आमच्याकडे त्याची एकच प्रत उरली होती. उम्म फिरासनं ते नेलं. एकदा मुदत वाढवून घेतली. दुसऱ्यांदा आली तेव्हा मला नाही म्हणावं लागलं. कुणीतरी ते राखून ठेवायला सांगितलं होतं. कुणी, ते मी सांगू शकत नव्हते, पण तिनं विचारलंही नाही. फक्त म्हणाली, "आज घरी राहिलंय. उद्या आणते."

उद्या आलं नाही. त्यानंतरही नाही. वर्गाला ती येत होती, पण ग्रंथालयाच्या दारावरून मान खाली घालून निघून जायची. मी फोन केला की "आणते हं, रुवैदा," एवढंच. जिनं डब्यासकट पुस्तक परत केलं होतं, ती अशी का वागते, मला कळेना. दंड चढत होता. लुजैन रोज येऊन विचारायची, आणि एक दिवस चिडूनच आली.

"मिस, ते पुस्तक तिच्याकडे आहे ना? मी पिशवीत बघितलं."

"कुणाकडे आहे ते मी सांगत नाही, तुला माहितीये."

"नका सांगू. आई म्हणते तेच खरं. हातात आलेलं ती सोडत नाही."

"मग जाऊन माग तिच्याकडे."

लुजैननं माझ्याकडे असं बघितलं, जणू मी तिला उंच गच्चीवरून उडी मारायला सांगितलं होतं. मग वळली आणि निघून गेली.

शेवटी मीच उम्म फिरासला जिन्यात गाठलं आणि आत घेऊन आले. मरमियाच्या सुगंधी पानांचा चहा पुढे ठेवला. पुस्तक पिशवीतच होतं. तिनं ते काढून टेबलावर ठेवलं, दंडाचे पैसे आधीच मोजून पाकिटात घातलेले होते, तेही ठेवले.

"वाचून कधीच झालंय," ती म्हणाली.

"मग दिलं का नाहीत?"

"लुजैननं ते राखून ठेवायला सांगितलं, तेव्हा मी तिच्या मागेच, कपाटाआड उभी होते. तिनं मला पाहिलं नाही. मला वाटलं, माझ्याकडेच राहिलं तर निदान मागायला तरी येईल. भांडायला आली असती तरी चाललं असतं. खाला म्हणून हाक तर मारली असती."

दंड मी माफ करू शकत नव्हते, तो घेतला आणि पावती दिली. पुस्तक मात्र लुजैनच्या हाती दिलं नाही. परीक्षा जवळ आली आणि एकाच प्रतीला बऱ्याच जणींची मागणी असली, की ते पुस्तक वाचनखोलीतल्या कपाटात ठेवायचा आमचा नियम आहे. तिथलं पुस्तक बाहेर जात नाही, तिथंच बसून वाचायचं आणि दोन तासांनी दुसरीला द्यायचं. आणखी तिघी-चौघींनी ते मागितलंही होतं, तेव्हा नियमाच्या बाहेर मी काही केलं नाही. लुजैन कुरकुरली, आपला नंबर होता म्हणाली. मी म्हटलं, पहिली तूच बस.

दुपारी ती बसली. थोड्या वेळानं उम्म फिरास आली आणि लांबच्या टोकाला आपल्या वह्या उघडून बसली. लुजैननं मान वर केली नाही. पण पानंही उलटत नव्हती. वेळ संपली, तेव्हा पुस्तक माझ्याकडे आणून द्यायला हवं होतं. ती उठली, माझ्या टेबलापर्यंत आली, थांबली, मग वळली आणि सरळ त्या टोकाला जाऊन तिनं ते मावशीसमोर ठेवलं.

"खाला, बोलायला लागण्याआधीच्या वयाचा जो भाग आहे ना, तो मला कळत नाहीये."

उम्म फिरासनं चष्मा काढला, पुसला, परत घातला. "तू फार उशिरा बोलायला लागलीस," ती म्हणाली. "तुझी आई रडायची माझ्याजवळ. बस, सांगते."

वाचनखोलीत बोलायला बंदी आहे. मी कपाटातली पुस्तकं सारखी करत बसले.

त्यानंतर दोघी रोज यायच्या. लुजैन भराभर वाचून दाखवायची, मावशी मधेच थांबवून म्हणायची, हे पुस्तकात चुकलंय, फिरासचं असं नव्हतं. लुजैन हसायची. घरी उशीर व्हायला लागला, तेव्हा एका संध्याकाळी इंतिसार मुलीला शोधत आली. दारातल्या काचेतून तिनं दोघींना पाहिलं. आत आली नाही. बाहेरच्या दगडी पायरीवर जाऊन बसली.

मी उम्म फिरासला हळूच सांगितलं. ती उठली, बाहेर गेली. लुजैनही उठायला लागली, तिला मी खांद्यावर हात ठेवून खाली बसवलं. खिडकीतून दोघींच्या पाठी दिसत होत्या. आधी मधे एका माणसाची जागा होती. इंतिसार खूप वेळ काहीतरी सांगत होती, आणि नजमिया फक्त ऐकत होती. मग तिनं वाऱ्यानं सरकलेली बहिणीची ओढणी नीट केली. आईनं शेवटच्या दिवसांत काय काय म्हटलं, ते सगळं त्या संध्याकाळी तिला कळलं, असं लुजैननं मला पुढे सांगितलं.

परीक्षेत लुजैन वर्गात दुसरी आली. उम्म फिरास जेमतेम पास झाली आणि त्याचाच तिला फार आनंद झाला. पुढच्या सत्राच्या सुरुवातीला मी बाजारात मिरच्या निवडत होते, तेव्हा इंतिसार शेजारी येऊन उभी राहिली. तिनं विचारलं, कॉलेजात नसलेल्या बाईला ग्रंथालयात येता येतं का.

"पुस्तक घरी नेता येणार नाही," मी म्हणाले. "बसून वाचता येईल."

"मला बसायचंच आहे," ती म्हणाली.