चाळीस शिलिंगांचा माणूस

कायदा झाल्याची बातमी आयर्लंडमधल्या किलमोरन गावी पोचली तेव्हा १८२९चा एप्रिल अर्धा सरला होता. आता कॅथलिक माणूस पार्लमेंटात बसणार, न्यायाधीश होणार. देवळाच्या अंगणात बायका एकमेकींच्या गळ्यात पडून रडत होत्या, आणि पोरं टेकडीवर होळी रचायला लाकूडफाटा ओढत होती. ज्यांच्या लेखणीनं सगळा परगणा पेटवला ते युजीन टार्पी मास्तर मात्र शाळेत एकटेच बसले होते.

फादर लॅव्हेल आणि धान्याचे व्यापारी कॉस्टेलो दुपारी त्यांना शोधत आले.

"नवरदेवच मांडवातून पळाला म्हणायचा!" फादर हसत म्हणाले. "अहो मास्तर, रविवारी देवळातल्या मिस्सानंतर आभाराचं पत्र वाचायचंय. राजाला, मंत्र्यांना, डब्लिनच्या पुढाऱ्यांना. सगळ्या गावाच्या वतीनं. तुमच्यावाचून कोण लिहिणार?"

"आणि चाळीस शिलिंगवाल्यांचं काय?" मास्तरांनी विचारलं.

कॉस्टेलोंनी खाकरून खिडकीबाहेर पाहिलं. कायद्याला एक जोडकायदा होता. ज्याच्या जमिनीतून वर्षाला चाळीस शिलिंग, म्हणजे दोन पौंड सुटतात त्याला आजवर मत होतं. आता ती हद्द दहा पौंडांवर नेली होती. म्हणजे कॉस्टेलोंचं मत शाबूत राहिलं आणि ज्या कुळांनी जमीनदाराच्या तोंडावर मत देऊन ही लढाई जिंकली, ती सगळी एका फटक्यात बाद झाली.

"लग्नघरात मयताचं बोलू नये, मास्तर," कॉस्टेलो म्हणाले. "काही मिळवायचं म्हटलं की काही सोडावं लागतं."

"सोडलं कुणी, आणि मिळालं कुणाला?"

"रविवारपर्यंत लिहा," फादर मऊ आवाजात म्हणाले, आणि दोघं निघून गेले.

मास्तरांनी कागद पुढे ओढला, लेखणी शाईत बुडवली, आणि मागच्या बाकाकडे बघायचं नाही असं मनाशी ठरवलं.

तीन वर्षांपूर्वीची गोष्ट. निवडणूक लागली होती, आणि मास्तर 'एक कूळ' या नावानं पत्रकं लिहीत होते. दर रविवारी देवळाच्या फाटकाशी उभं राहून ते मोठ्यानं वाचून दाखवायचे. ऐकणाऱ्यांत सगळ्यात पुढे असायचा द्रुमऱ्याचा बार्टली हेशन. ढांग उंच माणूस, अक्षरशत्रू, बोलायला लाजरा. मास्तर श्वास घ्यायला थांबले तरी त्याला दम निघत नसे. "वाचा की, मास्तर," म्हणायचा. मतदानाच्या आदल्या आठवड्यात तो शाळेत आला होता, टोपी हातात चुरगाळत.

"मास्तर, जमीनदाराच्या माणसाविरुद्ध मत दिलं तर तो मला बाहेर काढंल. मग हो?"

"काढेल तर काढू दे! बार्टली, त्या दिवशी सगळं आयर्लंड तुझ्या दारात उभं राहील. आणि सगळ्यांत पुढं मी."

बार्टलीनं मान डोलावली. शब्दाला शब्द मानणारा माणूस. तालुक्याच्या कचेरीत, जमीनदाराच्या कारभाऱ्याच्या डोळ्यांदेखत, त्यानं खणखणीत आवाजात आपलं नाव आणि आपलं मत सांगितलं. उमेदवार जिंकला. मास्तरांना डब्लिनच्या सभेचं बोलावणं आलं. तिथं मेणबत्त्यांच्या झुंबरांखाली लोकांनी त्यांना खांद्यावर घेतलं, एका बाईंनी त्यांच्या कोटाला हिरवी फीत टाचली. चार दिवसांसाठी गेलेले मास्तर सहा आठवडे राहिले. परत आले तेव्हा नोव्हेंबर होता. द्रुमऱ्याच्या घराला छप्पर नव्हतं, आणि बार्टलीला रस्त्याकडेच्या चरात तापानं जाऊन आठ दिवस झाले होते.

त्याच हिवाळ्यात ते सुरू झालं. एक दिवस पोरं घरी गेल्यावर मास्तर सुधारणांवर लेख लिहीत बसले होते, भर दुपारी. मागच्या बाकावर कुणीतरी खोकलं. वर पाहिलं तर बार्टली. ओला कोट अंगाला चिकटलेला, टोपी गुडघ्यावर, मान जराशी पुढे, देवळाच्या फाटकाशी असायची तशी. मास्तर धडपडत उठले तर बाक रिकामा. हात लावून पाहिला. फळी ओली होती, आणि तीन दिवसांत पावसाचा थेंब पडला नव्हता.

त्यानंतर मास्तर कधीही लिहायला बसले की तो यायचा. मुलांचे कित्ते घालून देताना नाही, कुणाचं पत्र लिहून देताना नाही. 'जनता' लिहिलं, 'आपण सगळे' लिहिलं, की मागून ओल्या कापडाचा वास. बोलायचा मात्र नाही. मास्तरांनी एकदा कबुलीजबाबात सांगून पाहिलं. "रात्रीचं काही खात जा, रिकाम्या पोटी माणसाला काहीबाही दिसतं," फादर म्हणाले.

आजही वास आलाच. मास्तरांनी मान वर न करता लिहायला सुरुवात केली. 'महाराज, आम्ही किलमोरनचे कृतज्ञ प्रजाजन...'

"वाचा की, मास्तर."

लेखणीतून शाईचा थेंब गळला. तीन वर्षांत पहिल्यांदा आवाज आला होता, अगदी पूर्वीचाच, लाजरा.  शिकवण्यात जन्म गेलेला माणूस, कुणी वाचा म्हटलं की तोंड उघडायचंच. ते वाचू लागले. कृतज्ञतेचं वाचलं, राजाच्या उदारपणाचं वाचलं. 'या मंगल दिवशी आमच्या परगण्यातील प्रत्येक घर...' इथवर आले आणि थांबले.

"पुढं?" मागून आवाज आला.

"पुढं सुचत नाही," मास्तर कसंबसं म्हणाले.

मग खोकला आला. बराच वेळ आला. तो थांबला तेव्हा मास्तरांच्या लक्षात आलं, की आपण दोन्ही कान दाबून बसलोय आणि कागद पार चुरगळलाय.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते द्रुमऱ्याच्या दलदलीकडे निघाले. बार्टलीची बायको नॅपी तिथं मातीच्या ढेकळांनी रचलेल्या खोपटात राहायची आणि दुसऱ्याच्या तुकड्यात बटाटे लावायची. तीन वर्षांत मास्तर त्या वाटेला फिरकले नव्हते. ती समोरून येताना दिसली की ते गल्ली बदलत.

नॅपी वाफ्यात वाकली होती. मास्तरांना पाहून ती सरळही झाली नाही.

"वाट चुकलात का, मास्तर? डब्लिन तिकडं राहिलं."

"नॅपी, मला बोलायचंय."

"बोला. बोलायला तुम्हाला कोण हरवणार? मी लावते बटाटे, तुम्ही बोला."

मास्तरांनी सगळं सांगितलं. ओला कोट, बाक, खोकला, कालचा आवाज. सांगताना त्यांना हुंदका फुटला. "मीच मारला गं त्याला. माझ्या त्या पत्रकांनी मारला."

आता मात्र नॅपी उठली. मातीनं भरलेले हात कमरेवर ठेवून तिनं त्यांना पायापासून डोक्यापर्यंत न्याहाळलं.

"अगो बाई! केवढा मोठा माणूस! म्हणजे माझ्या नवऱ्याला स्वतःचं डोकं नव्हतं? तुम्ही पत्रकं वाचली आणि बैल गेला कसायाकडं, असं म्हणायचंय?"

"तसं नाही..."

"तसंच. ऐका. कचेरीतून परत आला ना, तेव्हा सबंध वाट त्याचं एकच. 'नॅपी, मी माझं नाव मोठ्यानं सांगितलं. कारभाऱ्यानं मान खाली घातली.' घरी आल्यावर शेगडीपाशी उभं राहून पुन्हा सांगितलं, मला आणि डुकराला. माझा बाप, त्याचा बाप, जन्मात कुणी त्या कचेरीत ताठ उभं राहिलं नव्हतं. ते त्याचं होतं, मास्तर. तुमचं नाही. ते तुम्ही नेऊ नका."

 वाऱ्यावर दलदलीचा कुजकट गारवा येत होता.

"पण एक तुमचं आहे," नॅपी म्हणाली, आणि तिचा आवाज खाली गेला. "छप्पर ओढलं त्या दिवशी तो घाबरला नाही. म्हणाला, मास्तर येतील. शेजारी म्हणाले, आमच्याकडं चल, तर म्हणाला, नको, मास्तर आले तर मी दारात पाहिजे. दार कुठं राहिलं होतं? चौकट होती नुसती. तिच्यापाशी बसला. पाऊस लागला तरी बसला. तिसऱ्या दिवशी ताप भरला, तेव्हा मी आणि भावानं ओढत चरात नेला. तिथूनही रस्त्याकडंच बघत होता."

ती पुन्हा वाकली आणि एक बटाटा मातीत दाबला.

"तो तुम्हाला छळायला येत नसंल, मास्तर. त्याचा स्वभाव नव्हता तो. वाट बघत असंल."

मास्तर परत आले. दोन दिवस त्यांनी लिहिलं नाही, पण गावाच्या वाड्यावाड्यांत पायी फिरले, घरोघर गेले, आणि प्रत्येक ठिकाणी एकच विचारलं, चाळीस शिलिंगांचं मत इथं कुणाचं होतं.

रविवारी अंगण तुडुंब भरलं होतं. कॉस्टेलो नवा कोट घालून पुढे उभे होते. मास्तर फाटकाजवळच्या दगडावर चढले. त्यांच्या हातात एकच कागद होता.

"हे आभार आहेत," ते म्हणाले. "ज्यांचे मानायचे त्यांचे. आपल्या गावातले एकतीस चाळीस शिलिंगवाले. ज्या कायद्याच्या आनंदात आज होळी पेटायची आहे तो त्यांच्या मतानं आला, आणि त्याच्याबरोबर त्यांचं मत गेलं. डॉमिनिक रुआन."

गर्दीत चुळबूळ झाली. मागून एक म्हातारा, काय करावं न सुचून, म्हणाला, "हजर."

"मार्टिन कोयन."

"हजर!"

"हे काय बारसं लावलंय का?" कॉस्टेलो पुटपुटले. "फादर, थांबवा यांना." पण फादर लॅव्हेल जमिनीकडे बघत राहिले. एकेक नाव पुकारलं जाऊ लागलं तशा गर्दीतल्या टोप्या उतरू लागल्या. आवाजही चढत गेले. फेस्टी गॉननं तर 'हजर' असं काही गर्जून सांगितलं, की त्याच्या बायकोनं त्याला कोपर मारलं.

"बार्टली हेशन."

 मास्तरांनी कागदावरून नजर उचलली. लोकांच्या मधोमध, दोन खांद्यांच्या फटीत, ओला काळा कोट दिसत होता. त्याच्या आजूबाजूची माणसं, थंडी वाजल्यासारखी, नकळत थोडी बाजूला सरकली होती.

मग भिंतीपाशी नॅपी उभी होती ती बोलली.

"बार्टली नाही इथं. मेला तो, रस्त्यावर. पुढं वाचा."

मास्तरांनी पुढची चार नावं वाचली. खाली स्वतःचं खरं नावही वाचलं, 'एक कूळ' म्हणून ज्यानं लिहिलं तो, द्रुमऱ्याला वेळेवर न आलेला, युजीन टार्पी. पुन्हा पाहिलं तेव्हा गर्दीतली ती फट बुजली होती.

आभाराचं रीतसर पत्र मग कॉस्टेलोंनी गावाबाहेरच्या एका वकिलाकडून लिहून घेतलं आणि ते छापूनही आलं. शाळेची जागा कॉस्टेलोंचीच होती. उन्हाळ्यात तिथं धान्य साठवायचं ठरलं, आणि मास्तर कुंपणाच्या आडोशाला उघड्यावर शिकवू लागले. निम्मी पोरं आली नाहीत.

मत होतं तोवर जमीनदाराला कुळांची गरज होती. आपल्या माणसाला मतं मिळावीत म्हणून त्यानंच बापजाद्यांपासून जमिनीचे तुकडे पाडले होते. मत गेलं तशी कुळाची किंमतही गेली, आणि तुकडे सांधून गुरांसाठी कुरणं करायचं ठरलं. ऑक्टोबरात फेस्टी गॉनच्या घरावर पाळी आली. शिपाई निघाल्याचं कळलं तेव्हा मास्तर शुद्धलेखन घालत होते. त्यांनी पाटी खाली ठेवली आणि पळत सुटले.

ते दारात जाऊन उभे राहिले, सगळ्यांत पुढे. त्यानं काही अडलं नाही. शिपायानं बंदुकीचा दस्ता हाणला, खांद्याचं हाड मोडलं, आणि मास्तर चिखलात पडल्या पडल्या छप्पर खाली येताना बघत राहिले. पण ते गेले नाहीत. फेस्टी, त्याची बायको उना आणि चार पोरं चरात पाल टाकून राहिली, त्यांच्यात हेही शिरले. नॅपी दलदलीतून बटाटे आणि ताक घेऊन यायची, आणि कण्हणाऱ्या मास्तरांना घास भरवताना शिव्या घालायची.

"आधीच जागा नाही, त्यात हे सातवं माणूस!" उना वैतागायची.

पाचव्या दिवशी, दुपारी, पाऊस लागला होता. पोरं झोपली होती. उना अचानक ताठ बसली.

"खोकलं कोण?"

फेस्टीनं इकडेतिकडे पाहिलं. "कुणी नाही."

"मी ऐकलं ना. बाहेरून आला आवाज. कुणीतरी आलंय."

मास्तरांनी तिच्याकडे पाहिलं. मग ते मोडका खांदा सावरत चराच्या भिंतीकडे सरकले, हातभर जागा मोकळी केली, आणि उनाला म्हणाले, "पालाचा पडदा जरा वर धर."

तिनं धरला. पाऊस आत आला. दुसरं काही आलं का, ते तिनं पुढे कधी सांगितलं नाही. पण जागा नाही म्हणून ती त्यानंतर कधी कुरकुरली नाही.

नवव्या दिवशी फेस्टीचा भाऊ गाडी घेऊन आला आणि सगळ्यांना गॉलवे बंदराला घेऊन गेला. वसंतात ती मंडळी कॅनडातल्या क्वेबेकला जाणाऱ्या जहाजावर चढली. धाकटी पोर समुद्रावरच वारली. बाकीची उतरली. मास्तरांचा खांदा वाकडाच जुळला. पुढे लिहिताना हात लवकर दुखायचा, म्हणून ते थोडंच लिहीत, आणि लिहिलेलं छापायला पाठवण्याआधी दलदलीवर जाऊन नॅपीला वाचून दाखवत. एखादं वाक्य फार दणदणीत झालं की ती हातातलं काम थांबवून विचारायची, "आणि हे कोण निस्तरणार? त्याचं नाव सांगा." बऱ्याचदा मास्तरांकडे नाव नसायचं. मग ते वाक्य खोडत, आणि वाचलेला कागद घेऊन दलदलीच्या वाटेनं सावकाश घरी परतत.